गोंदणी: अंगणात लावावी अशी, पण पारखून घ्यावी अशी

घरासमोर झुकत्या फांद्यांचं, थोड्या पाण्यावर निभावणारं आणि आपल्याच मुलखातलं काही लावायचं असेल तर गोंदणी लावा. आमच्या अंगणातल्या गोंदणीने परभणीचे उन्हाळे काढले, ती फुलली, फळली, म्हणून आता हे खात्रीने लिहितेय. रोप आणलं जिंतूर रस्त्यावरच्या एका लहान रोपवाटिकेतून. तिथे फक्त देशी झाडं मिळतात. क्रोटन, शोभेचे पाम, कलमी गुलाब विचारायला गेलात तर हात हलवत परत याल. रोपवाटिकेबद्दल सांगतेच, पण आधी झाडाबद्दल. आपल्याला काय हवंय तेच पक्कं ठाऊक नसेल तर दुकानदार कितीही भला असला तरी भलतीच पिशवी घरी येते.

गोंदणी भोकराच्या कुळातली. काही गावांत तिला गोंदण म्हणतात. शास्त्रीय नाव कॉर्डिया सायनेन्सिस. जुन्या वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकांत कॉर्डिया घराफ किंवा कॉर्डिया रोथाय या नावांनी आढळते ती हीच. आफ्रिकेच्या कोरड्या पट्ट्यापासून अरबस्तान, पाकिस्तान, भारत, श्रीलंका असा तिचा पसारा आहे. केनियातल्या तुर्काना भागातले लोकही तिची फळं आपल्यासारखीच खातात. जिथे पाऊस बेभरवशाचा आणि ऊन जबर, तिथली ती मूळची रहिवासी, त्यामुळे मराठवाड्यात तिला काही नवं सोसावं लागत नाही. बुडापासूनच तीन-चार खोडं फुटलेलं मोठं झुडूप, नाहीतर फार तर लहानसं झाड, असं तिचं रूप असतं. खालच्या फांद्या काढत गेलात तर झाड होतं, सोडून दिलीत तर झुडूपच राहतं.

पूर्वी ओढ्याच्या काठाला, गायरानात, मारुतीच्या पारामागे एखादी तरी गोंदणी असायचीच. कुणी लावलेली नसायची, पाखरांनी टाकलेल्या बीवर आलेली असायची. आता बांध जेसीबीने कोरून सरळ केलेत, रस्ते रुंद झालेत, गायरानं आक्रसलीत. आमच्या पंचक्रोशीत तरी गोंदणी विचारत-विचारत शोधावी लागते. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. पाचवीच्या वर्गात गोंदणी कुणी पाहिली विचारलं तर दोन-तीन हात वर होतात, आणि ती सगळी शेळ्या राखणाऱ्या घरातली लेकरं असतात.

आता तिच्या झोकाबद्दल, कारण मी तिच्यावर भाळले ती त्यासाठीच. नवी फूट आधी सरळ वर जाते. पेन्सिलीएवढी जाड झाली की टोकाकडून वाकायला लागते आणि पानांच्या भाराने खाली येते. मग त्या वाकलेल्या फांदीच्या पाठीवरून पुन्हा नव्या फुटी उठतात आणि पुढच्या हंगामात त्याही वाकतात. असे थरावर थर चढत जातात. बाहेरून बघितलं तर जमिनीला टेकलेला हिरवा घेर दिसतो, आणि फांद्या बाजूला सारून आत गेलं तर मोकळी जागा असते, तिथे दोन माणसं खाली बसून शेंगा निवडू शकतात. आमच्याकडे दुपारी तिथे कोंबड्या असतात. वारा सुटला की सगळ्या फांद्या एकदम हलत नाहीत. आधी टोकं हलतात, मग वरचा थर, आणि बुंधा जागचा जागी असतो. हे मी किती वेळ बघत बसते ते घरातल्यांना ठाऊक आहे.

बांधावरच्या गोंदणीचा घेर मात्र असा जमिनीला टेकत नाही. शेळ्या मागच्या पायांवर उभ्या राहून जिथपर्यंत तोंड पुरतं तिथपर्यंत सगळं खुडतात, त्यामुळे खालची कड एका रेषेत कापल्यासारखी होते. चारा म्हणून तिचा पाला चांगला, पण अंगणात झोक हवा असेल तर शेळीपासून राखायला हवं.

पान लांबट, बोटभर लांबीचं, टोकाशी बोथट. फांदीवर पानं समोरासमोर किंवा किंचित खालीवर बसलेली असतात. पानावरून बोट फिरवलं तर खरखर लागते. हा खरखरीतपणा लक्षात ठेवा, रोप पारखताना उपयोगी पडेल.

कारण या बाबतीत फसवणूक होते आणि आमचीही झाली. शहरातल्या एका मोठ्या नर्सरीतून गोंदणी म्हणून आणलेलं पहिलं रोप भोकर निघालं. मी विचारलं होतं, त्यांनी छातीठोकपणे सांगितलं होतं, पिशवीवर चिठ्ठीसुद्धा होती. पानं मोठी व्हायला लागली तशी शंका आली. परत विचारायला गेले तर उत्तर मिळालं, ‘मॅडम, एकच असतं ते.’ एकच नसतं. भोकराचं पान रुंद, गोलसर, लांब देठाचं, आणि फांदीवर एकाआड एक येतं. भोकराचं झाड चांगलं मोठं होतं, फळ मोठं येतं आणि कच्च्या फळाचं लोणचं घालतात. गोंदणीचं पान अरुंद, फळ लहान, आणि ते पिकल्यावर तसंच तोंडात टाकायचं. फुलं आल्यावर तर वादच राहत नाही. भोकराच्या फुलाला बहुधा 5 पाकळ्या असतात, गोंदणीच्या फुलाला बहुधा 4. पण फुलं येईपर्यंत वाट कोण बघणार? म्हणून रोप घेतानाच पान बघा. भोकर वाईट नाही, आमचं ते भोकर भावाच्या शेतात लावलंय आणि मजेत आहे. पण ते झुकत नाही, आणि मला झुकणारं हवं होतं.

जिंतूर रस्त्यावरच्या रोपवाटिकेत हा घोळ होत नाही. तिथले म्हातारे गृहस्थ, आम्ही सगळे त्यांना मामा म्हणतो, गोंदणी म्हटल्याबरोबर उलट विचारतात. ‘बाई, भोकर पायजे का गोंदण? आधी ते सांगा. लोक गोंदण म्हणतेत आन् मागतेत लोणच्याचं झाड.’ मग दोन्ही रोपं शेजारी ठेवून पानं हाताला लावून बघायला सांगतात. झाड विकणाऱ्याने एवढं केलं तरी पुरे, पण एवढंही सगळीकडे होत नाही.

रोपवाटिका म्हणजे अर्ध्या एकराचा तुकडा, निम्म्यावर हिरवी जाळी. बोर्ड आहे, पण धुळीने वाचता येत नाही. आत गेलं की एका बाजूला मेढशिंगी, पाचुंदा, हिवर, अंकोल, बिबा, मुरुडशेंग, बेहडा, मोह, आणि एका कोपऱ्यात गोंदणीच्या पिशव्या, शे-दीडशेच्या वर कधी दिसल्या नाहीत. मामांच्या सूनबाई हिशेब आणि फोन सांभाळतात, बियांचं काम मामा स्वतः करतात. पिकलेली फळं आणायची, राखेत चोळून चिकट गर काढायचा, बी धुऊन सावलीत सुकवायचं आणि फार दिवस न ठेवता वाळूमिश्रित मातीत टाकायचं. बी जुनं झालं की उगवण कमी होते, आणि नव्या बियाही सगळ्या एकदम उगवत नाहीत, मागेपुढे येत राहतात. म्हणून रोपं थोडी. मोठ्या झाडाच्या मुळांवरून येणारे फुटवे काढूनही लावता येतात, पण मामांचा भर बियांवर आहे. एकाच झाडाचे फुटवे सगळीकडे लावले तर सगळं एकाच जातकुळीचं होईल, दुष्काळात काय टिकेल सांगता येत नाही, असं ते म्हणतात. मला हे पटतं.

बीडजवळच्या पालवणच्या डोंगरावर, सह्याद्री देवराईत, 2020 मध्ये वृक्ष संमेलन झालं. तेव्हापासून आपल्याकडे देशी झाडांची विचारणा वाढली असं मामा सांगतात. वड, पिंपळ, कडुनिंब, आपटा यांना गिऱ्हाईक आहे. गोंदणीला अजून फारसं नाही. ते वाढावं म्हणूनच हे एवढं लांबलचक लिहितेय.

किंमत सांगते. मी घेतलं तेव्हा हातभर उंचीचं रोप 80 रुपयांना होतं आणि कंबरेएवढं 150 ला. मोठं घेण्याचा मोह होतो, पण छोटं घ्या. गोंदणीचं सोटमूळ लवकर खाली धावतं. पिशवीत जास्त दिवस राहिलं तर तळाशी जाऊन गोल फिरतं, आणि असं वेटोळं झालेलं मूळ जमिनीत गेल्यावरही पुष्कळदा सरळ होत नाही. वरून झाड हिरवंगार दिसतं आणि दुसऱ्या-तिसऱ्या उन्हाळ्यात माना टाकतं. पिशवीचा तळ दाबून बघा, दोरीसारखं टणक वेटोळं लागलं तर दुसरी मागा. इथे पिशव्या उंच वापरतात आणि अधूनमधून जागा बदलतात, म्हणजे मुळं खालच्या जमिनीत शिरत नाहीत. तरीही बघून घ्यावं. मामांना त्यात अपमान वाटत नाही, उलट स्वतःच पिशवी आडवी करून दाखवतात.

लावणीचं मी जे केलं ते सांगते. आमचं अंगण काळ्या मातीचं, उन्हाळ्यात भेगा पडणारं, पावसाळ्यात चिखल धरणारं. गोंदणीला मुरमाड, निचऱ्याची जमीन जास्त मानवते. म्हणून दीड-दोन फुटांचा खड्डा घेऊन निम्मा मुरूम, निम्मी माती आणि दोन घमेली कुजलेलं शेणखत घातलं, वाळवीसाठी मूठभर निंबोळी पेंड. जागा जोत्यापासून आठ-नऊ फूट लांब, कारण फांद्यांना पसरायला चारी बाजूंनी जागा हवी. भिंतीला चिकटून लावली तर एकाच अंगाला झुकते आणि तिचा सगळा डौल जातो. भोवती बाभळीच्या काटेरी फांद्यांचा आडोसा केला. शेजारी बुडात छिद्र पाडलेलं मडकं पुरून छिद्रात चिंधी घातली. उन्हाळ्यात ते मडकं भरून ठेवायचं, बास. पहिले दोन उन्हाळे एवढं केलं, पुढे पाणी दिलं नाही.

पाण्याचं मी मुद्दाम सांगतेय. आपल्या लातूरला 2016 च्या उन्हाळ्यात मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. परभणीतही मे महिन्यात नळाला पाणी कधी येईल हे विचारत गल्लीतल्या बाया बसलेल्या असतात. अशा मुलखात माणसांनी हौसेने लावलेली झाडं पहिल्या टंचाईत वाळतात, कारण पिण्याचं पाणी झाडाला घालायला कुणाचा हात धजत नाही, आणि धजू नयेच. अशा वेळी जे झाड स्वतःचं बघू शकतं तेच लावणं शहाणपणाचं. आमच्या गोंदणीची पानं मेच्या दुपारी, पारा 43 च्या पुढे असताना, जरा मिटल्यासारखी होतात, उतरत्या उन्हात पुन्हा टवटवीत. हिवाळाही तिने सोसला. परभणीची थंडी बाहेरच्यांना खरी वाटत नाही, पण कृषी विद्यापीठाच्या नोंदीत पारा पाच-सहा अंशांवर उतरल्याची बातमी आपण दरसाल वाचतो. थंडी सरता सरता पानं विरळ झाली, घाबरायचं कारण नव्हतं, उन्हं वाढली तशी नवी फूट आली.

पहिल्या वर्षी मात्र ती जागची हलत नाही. शेजारच्यांनी त्याच पावसाळ्यात कोनोकार्पस लावला होता, तो दिवाळीपर्यंत कुंपणाच्या वर गेला आणि आमची गोंदणी होती तेवढीच. मामांना फोन केला तर म्हणाले, ‘पैल्या साली हे झाड वर जात नाही बाई, खाली जातंय. दम धरा.’ दुसऱ्या पावसाळ्यात तिने उचल खाल्ली आणि त्यानंतर फांद्या वाकायला लागल्या.

कोनोकार्पसचा विषय निघालाच आहे तर मनातलं बोलते. आपल्या प्रत्येक शहराच्या दुभाजकावर, प्रत्येक नव्या लेआउटच्या कुंपणाला तो उभा आहे. लवकर वाढतो, बारमाही हिरवा राहतो, म्हणून सगळ्यांना आवडतो. गुजरात सरकारने 2023 मध्ये तो लावायला बंदी घातली. परागकणांमुळे होणारा त्रास आणि जमिनीखालच्या पाइपांत, केबलींत घुसणारी मुळं ही कारणं तेव्हा सांगितली गेली. आपल्याकडे तो अजून ट्रकने येतो. आणि झुकत्या फांद्यांचं झाड मागितलं की नर्सरीवाले दोनच गोष्टी पुढे करतात. एक लोंबता बॉटलब्रश, तो ऑस्ट्रेलियाचा. दुसरा विलो, तो चीनकडचा, सतत ओल मागणारा. बॉटलब्रशच्या लाल फुलांवर शिंजीर येतात, दिसायला देखणं झाड आहे, मी त्याला नावं ठेवत नाही. पण आपल्या बांधावर वाकलेल्या फांद्यांची, फळ देणारी, पाखरांना पोसणारी गोंदणी असताना ती मागायचं कुणाच्या डोक्यातही येऊ नये, याचं मला फार वाईट वाटतं.

फुलं उन्हाच्या तडाख्यात आली. लांबून बघितलं तर फुललंय हे कळतही नाही, इतकी ती बारीक. जवळ गेलं की फांद्यांच्या टोकांना सैलसर गुच्छ दिसतात, पांढरट, मलईकडे झुकणारे. एक फूल तळहातावर घेऊन बघा. मागे हिरवट पेला, त्यातून निघालेली नळी, आणि 4 पाकळ्या पाठीमागे वळलेल्या, त्यामुळे पुंकेसर पूर्ण बाहेर आलेले. वास मंद गोड, पहाटे जास्त. सूर्य वर येईपर्यंत मधमाश्यांची गर्दी असते आणि त्या फुलागणिक फार थांबत नाहीत, भराभर पुढे जातात. शोभेच्या झाडांची सवय असलेल्या पाहुण्यांना ही फुलं फुलं वाटत नाहीत. मला त्यांना फांदीखाली उभं करावं लागतं, मग कळतं.

फळं त्यापेक्षा बोलकी. हिरवी, मग पिवळी, मग नारिंगी, आणि पूर्ण पिकल्यावर लालसर. हरभऱ्यापेक्षा मोठी, बोरापेक्षा लहान, टोकाला बारीक चोच. प्रत्येक फळ देठाशी एका छोट्या वाटीत बसलेलं असतं. ही वाटी म्हणजे फुलाचाच मागचा पेला, फळाबरोबर वाढलेला, आणि त्याच्या अंगावर उभ्या रेघा असतात. नखाने रेघा मोजता येतात इतक्या स्पष्ट. फळ दोन बोटांत दाबलं की आरपार दिसणारा चिकट गर निघतो आणि मध्ये एकच कठीण बी. गर बीला सोडत नाही, दातांनी ओढून काढावा लागतो, बोटं एकमेकांना चिकटतात. चव गोडसर, फार तीव्र नाही, मागे किंचित तुरट. भरघोस धरली की वाकलेल्या फांद्या आणखी खाली येतात आणि पान कमी, फळ जास्त दिसतं. अंगभर दागिने ल्यालेल्या नवरीला गोंदणीची उपमा आपल्या आज्यांनी उगाच दिलेली नाही.

बुलबुल सकाळपासून तिथेच, साळुंक्या येतात, कोकीळ येतो. घराच्या मागे, जिथे आम्ही काहीच लावलं नव्हतं, तिथे गोंदणीचं एक पिल्लू उगवलंय. शाळेतली लेकरंही येतात, खिसे भरून नेतात, वहीचं फाटलेलं पान त्याच गराने चिकटवतात. आमच्या वेळीही डिंक म्हणून हेच वापरायचे.

आता उणं. फळं पडतात आणि फरशी चिकट होते. मुंग्या येतात. चपलेला गर लागून घरभर ठसे उमटतात, त्यामुळे हंगामात रोज झाडलोट आणि पाण्याचा हात मारावाच लागतो. फरशीचं अंगण आणि वर गाडी लावायची जागा असेल तर गोंदणी तिथे नको, मातीच्या अंगणात किंवा कडेला लावा. दुसरं, मुळांवरून फुटवे येतात. वेळेवर काढले नाहीत तर दोन-तीन वर्षांत झुडपाचा ताटवा होतो. बांधावर ते चांगलंच, अंगणात त्रासाचं. तिसरं, वाटेकडच्या फांद्या तोंडावर येतात आणि खरखरीत पानं गालाला घासतात, त्या बाजूला छाटणी करावी लागते. छाटणी ती सोसते, बुडापासून तोडली तरी पुन्हा फुटते, पण सरसकट कात्री चालवून गोल गठ्ठा करू नका. माळी लोकांना तो फार सोस असतो. वाकलेल्या फांदीचं टोक कापलं की तिथून ताठ फुटी येतात आणि झाड झाडूसारखं दिसायला लागतं. नको असलेली फांदी मुळापासूनच काढावी. चौथं, कुंडीत लावू नका. फ्लॅटच्या गॅलरीसाठी हे झाड नाही. गच्चीवरच्या ड्रममध्ये लावलेलं एक मी पाहिलंय, जगलंय, पण झोक आलेला नाही.

रोपवाटिकेच्या सेवेबद्दलही स्पष्ट सांगते. माल चोख, माहिती खरी, भाव वाजवी. आमच्या शाळेच्या कुंपणासाठी नेलेल्या रोपांपैकी एक वाळलं तर विचारपूस करून दुसरं बिनपैशाचं दिलं. पण फोन दुपारी लागत नाही. पिशव्यांवर मार्करने लिहिलेली नावं पावसात पुसली जातात, त्यामुळे मामा जागेवर नसताना खरेदी करू नये. मदतीला असलेला मुलगा नवा आहे, त्याला मेढशिंगी आणि पाचुंदा सारखेच. घरपोच फक्त मोठ्या ऑर्डरला, दोन-चार रोपांसाठी स्वतः जावं लागतं. नेटवर्क नसलं की ऑनलाइन पैसे जात नाहीत, रोख ठेवा. हे सगळं धरून झाडाला मी पाचपैकी पाच देईन आणि दुकानाला चार. तो एक गुण पुसलेल्या नावांसाठी कापला, कारण जिथे झाड ओळखण्यावरच सगळं अवलंबून आहे तिथे नाव पुसलेलं चालत नाही. त्यांना हे तोंडावर सांगितलंय. सूनबाई म्हणाल्या, पत्र्याच्या पट्ट्या करून घेतोय.

घ्यायची असेल तर खड्डे मे महिन्यातच खणून उन्हात तापू द्या. 18 मे रोजी कृषी विद्यापीठाचा वर्धापन दिन आणि खरीप मेळावा असतो, त्याच सुमाराला मामांकडे जाऊन रोपं सांगून ठेवा, मेळाव्याहून परतणारे शेतकरी तेव्हा तिथे थांबतात आणि गोंदणी थोडीच असते. उचलायची मात्र जूनमध्ये, दोन चांगले पाऊस होऊन जमीन आतपर्यंत ओली झाल्यावर. सकाळी 11 च्या आत जा, नंतर मामा आखाड्यावर, म्हणजे शेतावर, निघून जातात. गाडीत पोतं अंथरून न्या, उंच पिशव्या आडव्या झाल्या की माती सांडते. आणि गेलात की मेढशिंगीकडेही एक नजर टाका, यंदा तिची रोपं फार छान झाली आहेत.